सावलीच्या खांद्यावर

“नाक धर आणि एका दमात पी, असं सांग त्याला,” शैला मुलीला म्हणाली.

प्रणिताने ते फ्रेंचमध्ये सांगितलं. फ्रेंचमध्ये ते वाक्य उगीचच प्रेमपत्रासारखं ऐकू आलं. घरी पाहुणा उतरलेल्या ग्रेगवारने नाक धरलं, डोळे मिटले आणि सुंठ, मिरी, हळद, गवती चहाचा तो काढा सरळ घशाखाली उतरवला. मग त्याच्या देशातल्या उमरावांनी ज्या सभ्यतेने गिलोटिनखाली मान दिली असेल, त्याच सभ्यतेने त्याने रिकामा कप परत केला आणि म्हणाला, “मेर्सी, मादाम.”

‘मेर्सी’ आवाजाच्या वरच्या मजल्यावर म्हटलं गेलं आणि ‘मादाम’ तळघरात.

“बघा! केवढा कफ झालाय पोराला,” शैला म्हणाली. “रात्रभर खिडकी उघडी टाकून झोपले दोघं. आज केळं बंद, दही बंद. दुपारी ओव्याचा वाफारा देते.”

शैलाच्या नवऱ्याने, लहू खंदारेने, पोह्यांचा चमचा ताटलीत ठेवला. तो कफ नव्हता. हा आवाज त्याला ओळखीचा होता. इतका की ऐकताक्षणी त्याच्याच कानाच्या पाळ्या गरम झाल्या.

लहू पन्नाशीला आलेला माणूस. मूळचा परभणीचा, मधली वर्षं पुण्याची, आणि गेली दहा वर्षं मास्ट्रिख्टमधल्या एका कंपनीचा डेटाबेस सांभाळण्यात गेलेली. हे काम गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीसारखं असतं. नळाला पाणी येत असेपर्यंत टाकी आहे हे कुणाच्या ध्यानात नसतं. लहूलाही आपण आहोत हे फारसं कुणाच्या ध्यानात येऊ नये असंच वाटे. मीटिंगमध्ये तो बोलला तर लोक आधी इकडेतिकडे बघत, कोण बोललं म्हणून.

पोरं घरी आली ती शैलामुळे. शेजारच्या मेफ्राऊ हेंड्रिक्स चर्चच्या कार्यकर्त्या. फ्रान्समधला मुलांचा एक गायकवृंद गावात येतोय, त्यांची जुनी रीत अशी की हॉटेलात राहायचं नाही, दोन-दोन मुलं एकेका घरी उतरतात, तर तुमच्याकडे जमेल का, असं त्यांनी विचारलं. दारी आलेल्याला नाही म्हणता येतं, ही गोष्ट डच लोकांनी शैलाला दहा वर्षं शिकवली होती. तिला ती आली नव्हती. शुक्रवारी संध्याकाळी दोन पोरं दारात उभी राहिली: तेरा वर्षांचा, लांबोडका ग्रेगवार आणि नऊ वर्षांचा बास्तियाँ, ज्याच्यापेक्षा त्याची बॅग मोठी होती.

शुक्रवारच्या जेवणात पुऱ्यांबरोबर त्या वृंदाचा सगळा इतिहास वाढला गेला. ग्रेगवार सांगायचा आणि शाळेत फ्रेंच शिकणारी प्रणिता मराठी, इंग्रजी, डच जे आधी सापडेल त्यात तो ओतायची. शंभरेक वर्षांपूर्वी, पहिलं महायुद्ध संपलं तेव्हा त्यांच्या गावच्या चर्चमध्ये गायला पुरुष उरले नव्हते. खालच्या पट्टीतले सगळे खंदकात राहिले. पाद्र्याने मग मुलं गोळा केली. पुढच्या दोन रांगा मुलांच्या आणि मागच्या दोन रांगा रिकाम्या. त्या रिकाम्या रांगा त्याने काढल्या नाहीत. पोरं वाढत गेली, आवाज फुटले, आणि वर्षामागून वर्ष एकेक जण मागे सरकत त्या रांगा पुन्हा भरल्या. मग दुसरं युद्ध आलं. पुन्हा मागच्या रांगा रिकाम्या झाल्या. पुन्हा पाद्री थांबला.

“वेट, तो पाद्री दुसरा होता,” प्रणिताने दुरुस्ती केली. “पण थांबला सेमच.”

लहूने पुरी तोडता तोडता मनाशी हिशेब केला. आपल्याकडे एखादी संस्था शंभर वर्षं टिकली तर तिच्यातून निदान चार संस्था फुटून निघालेल्या असतात. इथे माणसं नुसती वाट बघत राहिली होती. पोरं मोठी होण्याची.

आणि शिक्षण कसं? तर सकाळी शाळा, दुपारी गाणं. पहिलं वर्षभर कार्यक्रमात तोंड उघडायचं नाही. जमिनीवर उताणं झोपायचं, पोटावर जाडजूड पुस्तक ठेवायचं आणि ते श्वासाने वर-खाली करायचं. बास्तियाँने लगेच सतरंजीवर आडवं होऊन दाखवलं. पुस्तक म्हणून शैलाचा पोळ्यांचा डबा घेतला. डबा लिफ्टसारखा सावकाश वर गेला, थांबला, खाली आला. झाकणही वाजलं नाही. त्यानंतर स्वरलिपी. कागदावर दिसेल ते आधी नुसत्या मनात ऐकू यायला हवं, मग ओठांवर. आणि सगळ्यांत मोठा नियम: शेजारच्याचा आवाज ऐकू येत नसेल तर तुझा जास्त झालाय.

“हा नियम आमच्या ऑफिसात लावला तर सोमवारची मीटिंग शांततेत पार पडेल,” लहू म्हणाला.

“आमच्या महाराष्ट्र मंडळात लावा,” शैला म्हणाली. “मंडळच उरणार नाही.”

पण लहूला खरा हादरा बसला तो सावलीने. त्या वृंदात एकट्याने गाणाऱ्या मुलाला एक सावली असते. सावली म्हणजे धाकटा मुलगा. मोठ्याचं गाणं त्याने मनातल्या मनात पाठ करायचं, बसमध्ये त्याच्या शेजारी बसायचं, त्याच्याच घरी उतरायचं, रंगमंचावर त्याच्या उजव्या हाताला उभं राहायचं, आणि ते गाणं मोठ्याने कधी, कधीही गायचं नाही. मोठ्याला गाता गाता वाटलं की आता आवाज साथ देत नाही, तर त्याने सावलीच्या खांद्यावर हात ठेवायचा. हात पडला की पुढचा स्वर धाकट्याचा. एकदा हात ठेवला की मात्र तो परत घेता येत नाही. ते गाणं मग त्याचं.

“म्हणजे स्टँडबाय सर्व्हर,” लहू पुटपुटला. त्याच्याकडे ही व्यवस्था होती. तिला दोन इमारती, चार माणसं आणि वर्षाला एक फसलेली चाचणी लागे. इथे एक खांदा लागत होता.

ग्रेगवारची सावली बास्तियाँ. तो तेव्हा सहावी पुरी खात होता.

हे सगळं शुक्रवारचं. आणि शनिवारी सकाळी पोह्यांवर हे ‘मेर्सी, मादाम’. रविवारी दुपारी दौऱ्यातला शेवटचा कार्यक्रम, त्यात दोन कडव्यांचं गाणं ग्रेगवारचं एकट्याचं. त्यासाठी त्याची आई फ्रान्समधून गाडी चालवत येणार होती. आई इस्पितळात नर्स. दर वेळी ड्यूटी आडवी आली. पोराचा एकट्याचा आवाज तिने अजून कधी चर्चमध्ये ऐकलेला नव्हता. म्हणून पोराला ही सर्दी हवी होती. सर्दी बरी होते. तो काढा त्याने तसा, औषधावर विश्वास ठेवणाऱ्या रोग्यासारखा प्यायला होता, आणि लहूला तेच बघवत नव्हतं.

शनिवारी तालीम होती. लहू आणि प्रणिता पोरांना सोडायला गेले. लहूने मनाशी ठरवलं, मुलाला कशाला बोलायचं, सरळ त्यांच्या गाण्याच्या मास्तरांना सांगू. भित्र्या माणसाला नेहमी वरिष्ठ आठवतात.

मास्तर साठीचे, बारीक, बुटाची नाडी सुटलेली. प्रणिताने सांगितलं: पपा म्हणताहेत, ग्रेगवारचा आवाज फुटायला लागलाय. मास्तरांनी लहूकडे जरा आदराने पाहिलं. मग वाकून नाडी बांधता बांधताच उत्तर दिलं.

“ते म्हणताहेत, त्यांना माहितेय,” प्रणिता म्हणाली. “टूरच्या पहिल्या दिवशीच कळलं. तो ‘गुड मॉर्निंग’ म्हणाला त्यातून.”

“मग काढून का घेत नाहीत गाणं? उद्या भर सभेत फजिती होईल पोराची!”

मास्तर उभे राहिले. आता ते हळू बोलले.

“मी घेतलं तर ते काढून घेतलेलं होईल,” प्रणिताने शब्द जुळवत सांगितलं. “त्याने दिलं तर दिलेलं होईल. शंभर वर्षांत कुणा मास्तरने काढून नाही घेतलं.”

एवढं बोलून मास्तर आत गेले आणि मुलांना म्हणाले की आज फक्त श्वास घ्यायचा.

दुपारी चौघं मास नदीच्या काठाने परत निघाले. बास्तियाँ शैलाने दिलेल्या चकल्या बदकांना घालत होता. बदकं डच होती, वाया जाऊ द्यायची नाहीत म्हणून त्यांनी त्या खाल्ल्या. लहू बाकावर बसला, शेजारी ग्रेगवार, पलीकडे प्रणिता.

“त्याला सांग, ही सर्दी नाही.”

प्रणिताने सांगितलं. ग्रेगवार ताडकन म्हणाला, “सर्दीच आहे. मादाम म्हणाल्या.”

“मादामला सगळं सर्दीच दिसतं. माझा लॅपटॉप हँग झाला तेव्हा त्यालाही ऊन दाखव म्हणाली होती.” लहू थांबला. मग नदीकडे बघत म्हणाला, “सांग त्याला, मी पण गायचो.”

प्रणिता भाषांतर करायचं विसरली. “यू? पपा, तू?”

“सांग ना.”

“पपा, तू ‘हॅपी बर्थडे’सुद्धा नुसते ओठ हलवतोस. मम्मी म्हणते तू बेसूर आहेस.”

“मम्मीला तसं वाटू दिलंय. तू सांग.”

मग पंधरा वर्षांच्या मुलीने आपल्या बापाची गोष्ट पहिल्यांदा ऐकली, आणि ऐकता ऐकता दुसऱ्या भाषेत सांगितली. परभणीला तिच्या आजोबांची गायन पार्टी होती. एप्रिल महिना लागला की जयंतीचे कार्यक्रम. टेम्पोत पेटी, ढोलक, कर्णा आणि वर माणसं. आज या गावात, उद्या त्या. पहिलं गाणं लहूचं. त्याने वरचा सूर लावला की मागच्या बाया हातातली पोरं खाली ठेवून उभ्या राहत. तेराव्या वर्षी, पाथरीजवळच्या एका गावात, भरल्या मैदानासमोर त्याच वरच्या सुरावर आवाज निसटला. निसटला तो रेड्यासारखा. आधी मावशी हसली. मग सगळं मैदान.

“वाईट हसले नाहीत,” लहू म्हणाला. “माणसं चांगली होती. पण हजार चांगली माणसं एकदम हसली की...”

“आणि आजोबा?” हे प्रणिताने स्वतःच विचारलं.

“पेटी वाजवत राहिले. थांबून कसं चालेल? दुसऱ्या दिवशी चुलतभावाला पुढे उभं केलं. मला झांज दिली. कुणी वाईट बोललं नाही. बरंही बोललं नाही. विषयच निघाला नाही. आजतागायत.”

प्रणिताने ग्रेगवारकडे वळून सांगायला सुरुवात केली आणि एका शब्दापाशी अडली.

“झांजेला फ्रेंचमध्ये काय म्हणतात मला माहीत नाही,” ती शेवटी म्हणाली, आणि दुसरीकडे बघून नाक पुसलं.

तिने उरलेलं सांगितल्यावर ग्रेगवारने विचारलं, “आणि तुमची सावली? तिने काय केलं?”

“सावली नव्हती आमच्यात. भाऊ होता. त्यालाही सकाळीच कळलं.”

ग्रेगवारने बदकांमध्ये उभ्या असलेल्या बास्तियाँकडे पाहिलं. मग स्वतःच्या हातांकडे. म्हणाला, “पहिलं कडवं खाली आहे. दुसरं वर जातं.” आणि थोड्या वेळाने, “आईने कधी ऐकलंच नाही.”

पन्नास वर्षांत लहूने कुणाला सल्ला दिला नव्हता, आज कुठून आणणार? “ते तुझं तू बघ, बाळा,” तो म्हणाला. “पण ती सर्दी नाही, एवढं तुला कुणीतरी सांगायला पाहिजे होतं.”

संध्याकाळी शैला काढ्याचा कप घेऊन आली. ग्रेगवार उभा राहिला, जराशी मान झुकवली आणि म्हणाला, “नों, मेर्सी, मादाम.” तिन्ही शब्द तळघरातून आले. त्याने ते वर ओढायचा प्रयत्न केला नाही.

शैलाचा चेहरा पडला. “अहो, मिरी जास्त झाली का? गूळ घालू?”

“आण इकडे,” लहू म्हणाला आणि नाक धरून तो काढा स्वतः प्यायला.

रविवारी चर्च भरून गेलं होतं. दगडी खांब वर जाऊन अंधारात मिसळत होते. खंदारे कुटुंब दुसऱ्या रांगेत होतं, कारण शैला वेळेच्या बरीच आधी जाऊन ओढण्या टाकून आली होती. मेफ्राऊ हेंड्रिक्सनी हा प्रकार पहिल्यांदाच पाहिला. त्यांनी एका ओढणीची घडी घालून दिली. रांगेच्या टोकाला एक बाई अंगातला कोट न काढता बसली होती. पायात इस्पितळातले पांढरे बूट. ग्रेगवारचं नाक होतं तिला.

पोरं आली. पांढरे पायघोळ झगे, हात बाजूला. कालपर्यंत पुऱ्या चोरणारा बास्तियाँ त्यांत होता यावर विश्वास बसेना. मास्तरांनी हात उचलला नाही, नुसता श्वास घेतला. चाळीस पोरांनी तोच श्वास घेतला.

आणि मग ते झालं. लहूने आयुष्यभर गाणं समोरून येताना ऐकलं होतं: पेटीतून, कर्ण्यातून, मोबाइलमधून. हे कुठूनच येत नव्हतं. दगडच गात होता म्हणावं तर तसं. वरचे आवाज इतके पातळ की उजेड आणि ते वेगळे काढता येईनात, आणि त्यांच्याखाली मागच्या रांगांतले मोठे आवाज, जमिनीसारखे. युद्धाने रिकाम्या केलेल्या, आणि शंभर वर्षं धीराने भरत ठेवलेल्या रांगा. शब्द लॅटिन. ज्याला रोजच्या वंदनेतली पाली निम्मीच कळते, त्याला लॅटिन न कळण्याची भीती नसते. लहूला एवढंच कळलं की इथे चाळीस जण गाताहेत आणि प्रत्येक जण दुसऱ्याला ऐकतोय. त्याच्या अंगावर काटा आला तो तसाच राहिला. शैलाने त्याचा हात धरला. तिची ओढणीही कधीची खांद्यावरून घसरली होती आणि तिला पत्ता नव्हता, म्हणजे बघा.

ग्रेगवार पुढे आला. बास्तियाँ त्याच्या उजवीकडे एक पाऊल मागे.

पहिलं कडवं सुरू झालं. खालचं होतं, तरी लहूच्या मुठी वळल्या. आवाज टिकला. टिकला म्हणणंही कमीच. काठाला टेकलेलं पाणी जसं सांडण्याआधी चढतं आणि थांबतं, तसा तो आवाज थांबला होता. पुन्हा असा तो कधी व्हायचा नव्हता, हे गाणाऱ्याला माहीत होतं आणि म्हणून तो कुठेही घाई करत नव्हता. एकेक शब्द नीट ठेवत गेला. टोकाची बाई हलली नाही.

कडवं संपलं. मध्ये फक्त एका श्वासाची जागा. ग्रेगवारने श्वास घेतलाही, पोट हललेलं लहूला झग्यातून दिसलं. जमेल, लहूला वाटलं, पोराला अजून जमेल. वाटलं नाही, त्याने ते मागितलं. कुणाकडे, कुणास ठाऊक.

ग्रेगवारचा उजवा हात उठला आणि बास्तियाँच्या खांद्यावर पडला.

पुढचा स्वर बास्तियाँचा होता. दोघांच्या मध्ये सांधा नव्हता. वर्षभर मनात दाबून ठेवलेलं गाणं त्या नऊ वर्षांच्या छातीतून निघालं आणि सरळ छतापर्यंत गेलं. लोकांना वाटलं, असंच बसवलंय. मेफ्राऊ हेंड्रिक्सना तर ती कल्पना फार आवडली. ग्रेगवार तोंड मिटून उभा होता, ताठ. हात त्याने काढला नाही. शेवटच्या स्वरापर्यंत तो तिथेच होता. खांदा धरलेला हात वाटत नव्हता तो. काहीतरी नीट पोचेपर्यंत धरून ठेवलेला वाटत होता.

टोकाच्या बाईने तेवढ्यात कोटाची बटणं काढली, कोट मांडीवर घेतला आणि मागे टेकून बसली. तिला रीत माहीत होती. त्या वृंदातल्या मुलाची आई होती ती.

लहूकडे बघून प्रणिता कुजबुजली, “पपा, दू नोर्माल.” डच लोक हे ‘माणसासारखं वाग’ या अर्थी म्हणतात. लहू रडत होता, आणि आवाज येऊ नये याची पुरेपूर काळजी घेत होता.

कार्यक्रमानंतर आई ग्रेगवारजवळ गेली. काय बोलली कुणी ऐकलं नाही. तिने त्याच्या झग्याची कॉलर सरळ केली आणि रात्रपाळी गाठायला परत निघाली.

चर्चमागच्या चौकात बस उभी होती. मुलं झगे उतरवून जीन्समध्ये आली तशी पुन्हा पोरं दिसायला लागली. ज्या घरांनी ठेवून घेतलं त्यांच्यासाठी निघताना उघड्यावर एक गाणं म्हणायचं, अशीही त्यांची रीत होती. मुलं रांगेत लागली. ग्रेगवार सवयीने त्यांच्याकडे निघाला. मास्तरांनी त्याच्याकडे नुसतं पाहिलं, रागाने नाही, आणि मानेने पलीकडची बाजू दाखवली, जिथे यजमान उभे होते. फुटलेल्या आवाजाला आता वर्षभर विश्रांती. मग मागची रांग.

ग्रेगवार फुटपाथवर आला. कुठे उभं राहावं त्याला कळेना. शेवटी तो लहू आणि शैलाच्या मधे येऊन उभा राहिला. शैलाने कडेला सरकून जागा केली.

मुलांनी गायला सुरुवात केली. बसच्या ड्रायव्हरने इंजिन बंद केलं. सायकलवरून जाणारा एक माणूस पाय टेकून थांबला.

ग्रेगवारने आधी मनातल्या मनात आपला भाग गायला असावा, कारण त्याचे ओठ जरा हलले. मग थांबले. मान हळूच एका बाजूला कलली. सहा वर्षं तो या आवाजाच्या आत राहिला होता. ते घर बाहेरून कसं दिसतं हे त्याने कधी पाहिलेलं नव्हतं. त्याचे डोळे मोठे झाले. तो वळला आणि प्रणिताला काहीतरी म्हणाला, नव्या, जड आवाजात.

“काय म्हणतोय?” लहूने हळूच विचारलं.

“विचारतोय, हे नेहमी असंच ऐकू येतं का?”

“हो म्हणावं.”

गाणं संपलं. यजमानांनी टाळ्या वाजवल्या. ग्रेगवारच्या लक्षात यायला थोडा वेळ लागला की इथे उभं राहिलं की आपणही वाजवायच्या असतात. त्याने खिशातून हात काढले आणि टाळ्या वाजवू लागला: जरा उशिरा, जरा अवघडून, पण इतर सगळे थांबल्यावरही तो वाजवतच राहिला.